खिडकीतली झोप

९ जानेवारी

प्रिय ठोंब्या,

पत्र बघून दचकू नकोस, कोणी गेलेलं नाही. फोनवर तू "हो ताई, जेवलो ताई, ठेवतो ताई" एवढं एका श्वासात म्हणतोस आणि खरंच ठेवतोस. कागदावर माणसाला खोटं बोलायलाही जरा बसावं लागतं, म्हणून म्हटलं, लिहूया.

तुझी विमा कंपनीतली नोकरी कशी चाललीये? परवा तुझ्या खोलीत राहतो त्या मीटर नावाच्या मित्राची मावशी आमच्या दवाखान्यात दाढ काढायला आली होती. तोंडात कापूस होता, तरी तेवढ्यातून ती म्हणाली की तुम्ही तिघंही दिवसभर घरीच असता. मी डॉक्टरीणबाईंच्या हातात पक्कड दिली आणि म्हटलं, मावशी, हल्ली मोठमोठ्या कंपन्यांतली माणसं घरूनच काम करतात. ती हसली. भूल दिलेला माणूस हसतो ना, ते बघवत नाही.

इकडे सगळं ठीक. तुझे दाजी मजेत आहेत. किती मजेत, ते सांगायला पान पुरायचं नाही.

एक राहिलं. उत्तर घरच्या पत्त्यावर नको, दवाखान्याच्या पत्त्यावर पाठव. घराकडचा पोस्टमन फार धांदरट झालाय.

तुझी ताई

*

२० जानेवारी

प्रिय ताई,

मीटरच्या मावशीचं काय घेऊन बसलीस! दाढेबरोबर तिची अक्कलही आली असेल चिमट्यात.

विमा कंपनीत माझं उत्तम चाललंय. इतकं की साहेब परवा म्हणाले, तुला इथे बसवून ठेवणं म्हणजे तुझ्या प्रतिभेचा अपमान आहे. त्यामुळे सध्या मी ऑफिसच्या जरा बाहेरून, व्यापक पातळीवर विचार करतोय.

खोली झकास आहे. खाली लॉन्ड्री असल्यामुळे फरशी कायम कोमट, खाटांची गरजच नाही. मीटर तर तुला माहीतच आहे. तो घरोघर जाऊन विजेचे आकडे टिपायचा. मग स्वतःचे आकडे स्वतःच कळवणारी मीटरं आली आणि याला घरी बसवलं. आता तो करमणूक म्हणून आमचंच मीटर वाचतो. आकडा बदलत नाही, कारण वीज तोडलीये. तिसरा तत्त्वज्ञ. तो ग्राहकांच्या तक्रारी ऐकायच्या नोकरीत होता. एक बाई म्हणाल्या, माझं कपडे धुवायचं मशीन फिरत नाही. हा म्हणाला, "पण बाई, का फिरावं?" त्याच दिवशी साहेबांनी याला घराकडे फिरवलं.

संध्याकाळी आम्ही गच्चीत वनौषधींचा अभ्यास करतो. मीटरने कुंडीत एक झाड लावलंय, पानं फार नक्षीदार. घरमालकिणीने विचारलं, कसलं रे हे? तत्त्वज्ञ म्हणाला, मनःशांतीचं. तेव्हापासून ती त्याला रोज पाणी घालते.

दवाखान्याच्या पत्त्याचं कळलं बरं का. माझी पत्रं दाजींच्या हाती लागू नयेत म्हणून ना? तसं काही नको. दाजींचा माझ्यावर जीव आहे. त्यांच्या कारखान्यात एखादी जागा असेल तर विचारून ठेव, सहज आपलं. आणि माझी पॅन्ट गुडघ्यावर गेलीये. पाठवली तर आईच्या मशीनवर शिवून देशील?

तुझा प्रतिभावान भाऊ

*

२८ जानेवारी

प्रतिभावान ठोंब्या,

तुझं पाकीट फोडलं मात्र, बाकावर बसलेले पेशंट एकमेकांकडे बघायला लागले. आमच्याकडे दिवसभर लवंगेच्या तेलाचा वास असतो. त्याला मागे सारणारा वास मी आज पहिल्यांदा घेतला. एक आजोबा गाल धरून बसले होते. ते म्हणाले, "पोरी, ते पत्र जरा इकडे धर. ठणका कमी वाटतोय."

वनौषधी म्हणे! गांजाला गांजा म्हण. मी दातांच्या दवाखान्यात आहे, देवळात नाही.

कारखान्याचं विसर. दाजींकडे एकच जागा होती, ती त्यांनी नुकतीच भरली.

पॅन्ट पाठवू नकोस. मशीन सध्या माझ्या हाताशी नाही. गुडघ्यावर गेलीये तर फाडून टाक आणि हाफ पॅन्ट म्हण. नोकरी गेल्याला तू व्यापक विचार म्हणतोस, तर एवढं जमेलच.

ताई

*

१८ फेब्रुवारी

प्रिय ताई,

बरं बाई, पकडलंस. विमा कंपनीने मला कधीच नारळ दिला. तेव्हापासून आम्ही पाव आणि अंडी यांवर आहोत. कपडे लॉन्ड्रीवाला देतो, लोक न्यायला विसरतात ते. मीटर सध्या कुठल्याशा बँडमास्तरचा सोनेरी बटणांचा कोट घालून हिंडतो.

पण आता खरीखुरी नोकरी लागलीये! हसू नकोस, पूर्ण वाच.

चौकात एक गाद्यांचं मोठं दुकान आहे. परवा आम्ही तिघं तिथे शिरलो. घ्यायला नव्हे, बाहेर थंडी होती आणि आत हीटर होता म्हणून. घरून निघताना अभ्यास करूनच निघालो होतो. मीटर म्हणाला, "जरा टेकतो." तत्त्वज्ञ म्हणाला, "टेकणं म्हणजे नेमकं काय रे?" मला उत्तर माहीत होतं, पण द्यायच्या आधीच माझा डोळा लागला. कुठे, तर दुकानाच्या दर्शनी काचेतल्या गादीवर.

जाग आली तर काचेबाहेर ही गर्दी. नाकं काचेला लावून लोक बघतायत. उशाशी मालक उभे. म्हटलं, संपलं, आता पोलीस. तर मालक हळू आवाजात म्हणाले, "उठू नकोस. इतकी वर्षं मी झोप विकतोय, पण दाखवता कधी आली नाही. उद्यापासून येशील?"

"किती वाजता?" मी विचारलं.

"दुकान उघडताना. आणि घरी झोप काढून येऊ नकोस."

तर मी रोज काचेत झोपतो. पट्ट्यापट्ट्यांचा नाइट ड्रेस दुकानाचा, रजई दुकानाची, डोळ्यांवर काळी पट्टी, झोप तेवढी माझी. मीटरलाही झोपवून बघितलं, पण तो घोरतो, काच थरथरते. त्याला टेंपोत माल चढवायला ठेवलं. तत्त्वज्ञ उघड्या डोळ्यांनी झोपतो, त्याला बघून एक पोरगी रडली. मग त्याला विक्रीला लावलं. गिऱ्हाइकाने विचारलं, ही गादी किती वर्षं टिकेल? हा म्हणाला, "तुमच्यापेक्षा जास्त." आता तोही टेंपोवर आहे.

दाजींना सांग, मी विश्रांतीच्या क्षेत्रात आहे.

तुझा ठोंब्या

*

२६ फेब्रुवारी

ठोंब्या,

अभिनंदन. आपल्या घराण्यात जन्मजात गुणांवर नोकरी मिळवणारा तू पहिलाच. शाळेत मास्तर बाबांना बोलावून सांगायचे, हा वर्गात झोपतो. बिचाऱ्यांना कुठे ठाऊक, पोरगं सराव करतंय!

बढती कशी मिळते रे तुमच्यात? कोमात गेलं की मॅनेजर?

पण नीट झोप. आपल्यात निदान एकाला तरी लागू दे.

ताई

*

१० मार्च

प्रिय ताई,

मी गांजा कमी करायचं ठरवलंय. आनंदाने उडी मारू नकोस, कारण ऐक.

काल दुपारी काचेत पडलो होतो. येताना दोन झुरके जास्तच झाले होते आणि जिन्यात तत्त्वज्ञाने डोकं खाल्लं होतं, की आपण सगळे कोणाच्या तरी स्वप्नात आहोत, आणि तो जागा झाला की आपलं काय? त्यामुळे झोप जरा वरवरची होती. तेवढ्यात कानाशी आवाज आला, "हा माणूस खरा आहे का हो?"

बाईचा आवाज. आणि मग पुरुषाचा, "छे, पुतळा असेल. हल्ली हुबेहूब करतात."

ताई, तो आवाज दाजींचा! मी पट्टीखालून बघितलं. दाजीच. तोच तपकिरी कोट, तेच खाकरणं. सोबत एक बाई. ती माझ्या शेजारची गादी दाबून बघत होती आणि दाजी म्हणत होते, "तुला आवडेल ती घे. घरची आता जुनी झाली." त्यांनी माझ्या रजईवरून हातही फिरवला. मी श्वास रोखून पुतळा झालो. पुन्हा बघितलं तर कोणी नाही.

कसला भास ना! तुमच्या गावाहून दाजी इतक्या लांब गादी घ्यायला कशाला येतील? मीटर म्हणतो, माल भेसळीचा आहे. दाजींना सांग, ते माझ्या डोक्यात येऊन गाद्या विकत घेतायत. हसतील.

तुझा ठोंब्या

*

१४ मार्च

ठोंब्या,

त्या बाईचा चष्मा निळ्या काड्यांचा होता का? आणि बोलताना ती त्यांचं कोपर धरत होती का? असेल तर तुमच्या मालात भेसळ नाही. मीटरला सांग, उगाच विक्रेत्याला बदनाम करू नकोस.

थंडीच्या सुरुवातीची गोष्ट. ती त्यांच्या कारखान्यात आली. मग काय झालं ते कुठेही होतं तसंच झालं, त्यात नवं काही नाही. दाजींनी मला समोर बसवून समजावलं, अगदी शांतपणे. म्हणाले, घर मोठं आहे, तूही राहा. जशी काही मी सुट्टीला आलेली आत्या! मी एक बॅग भरली आणि निघाले. उरलेलं न्यायला दुसऱ्या दिवशी गेले, तर कुलूप बदललेलं.

आता दवाखान्याच्या मागच्या खोलीत राहते. डॉक्टरीणबाईंची जुनी पेशंटची खुर्ची आहे, तिच्यावर झोपते. पाठ टेकते, मान टेकते, फक्त तोंड आपोआप उघडतं.

तुला का सांगितलं नाही? सांगितलं असतं तर तू धावत आला असतास, आणि एका खुर्चीवर दोघं कसे मावणार? शिवाय तू म्हणत होतास, दाजींचा तुझ्यावर जीव आहे. म्हटलं, असू दे. आपल्या घरात कोणावर तरी आहे.

मला ते घर नको आणि तो माणूसही नको. आईचं मशीन तेवढं तिथे राहिलं. पायडल मारायच्या आधी चाक हाताने फिरवावं लागतं, नाहीतर दोरा तुटतो. त्या घरात ते कोणाला माहीत नाही. मोडीत काढतील.

हे वाचून काही वेडेपणा करू नकोस. तू झोप.

ताई

*

२९ मार्च

ठोंब्या,

काल सकाळी आम्ही एका गवंड्याच्या अक्कलदाढेशी झटत होतो. बाहेर टेंपोचा हॉर्न वाजला. मी त्याच्या तोंडातली थुंकी ओढायची नळी धरून खिडकीतून बघितलं, तर सोनेरी बटणांच्या कोटातला एक इसम डोक्यावर आईचं मशीन घेऊन फाटकात उभा! मागे तू आणि माझं कपाट. कपाटामागे उंच, उदास असा एकजण होता, तो तत्त्वज्ञच असणार, कारण तो कपाट ढकलत नव्हता, त्याच्याकडे बघत होता.

तुम्ही सगळं आत लावलंत, पाणी प्यायलात, "मालक वाट बघतायत" म्हणालात आणि गेलात. मला दाढ सोडून हलता येईना. गवंडी तोंड उघडं ठेवून माझ्याकडे बघत होता. शेवटी नळी स्वतःच्याच हातात धरून म्हणाला, "बाई, तुम्ही या जाऊन." मी गेले तोवर टेंपो वळला होता.

आत जाऊन मशीनचं झाकण काढलं. पुढचं लिहीत नाही, शेफारशील.

आता सांग. आत कसा शिरलास? तुझ्या बोटाला पट्टी का होती, हाणामारी केलीस? आणि खोलीत ही नवीकोरी गादी कुठली, जिचं प्लास्टिकही काढलेलं नाही? चोरलीस? पोलीस येणार असतील तर आधी कळव, केस तरी विंचरून ठेवते.

सविस्तर लिही. आणि शुद्धीत लिही.

ताई

*

६ एप्रिल

प्रिय ताई,

शुद्धीत आहे. त्या दिवशीही होतो, आणि सांगतो, शुद्धीत फार त्रास होतो.

दुकानात "जुनी द्या, नवी घ्या" अशी योजना आहे. नवी गादी पोचवायची आणि जुनी उचलून आणायची. तुझं पत्र वाचलं, आणि दाजींच्या पत्त्यावरची गादी ज्या दिवशी निघाली त्या दिवशी मी मालकांना म्हटलं, आज झोप येत नाही, मी टेंपोवर जातो. मालकांचा चेहरा पडला, पण जाऊ दिलं. वाटभर मी दाजींना सुनवायचं भाषण पाठ केलं. काय भाषण होतं, ताई! टेंपोवाल्याने गाडी थांबवून नाक शिंकरलं.

दार त्या बाईनेच उघडलं. निळ्या काड्यांचा चष्मा. आम्हाला बघितल्या बघितल्या पाणी घेऊन आली. ती वाईट असती तर किती सोयीचं झालं असतं!

मग दाजी आले. अर्ध्या गालाला दाढीचा फेस. मला बघून उरलेला अर्धाही पांढरा पडला, त्यामुळे दोन्ही बाजू सारख्या दिसायला लागल्या. माझं भाषण साफ विरघळलं. तोंडातून एवढंच निघालं, "दाजी."

"दाजी?" ती बाई म्हणाली.

"अगं, सगळे मला दाजीच म्हणतात."

तत्त्वज्ञ म्हणाला, "मी नाही म्हणत."

तेवढ्यात मीटर जुनी गादी ओढत बाहेर आला आणि म्हणाला, "आत एक शिलाई मशीन आहे. तेही जुनंच दिसतंय, न्यायचं?"

"नाही, नाही! ते राहू दे," दाजी म्हणाले.

ती बाई त्यांच्याकडे वळली. "पण तुम्ही तर म्हणाला होतात, ती सगळं घर धुऊन घेऊन गेली. एक चमचा ठेवला नाही म्हणून. मग हे कोणाचं?"

ताई, दाजींच्या गालावरच्या फेसातले बुडबुडे फुटताना ऐकू येत होते. मला वाटलं, आता तत्त्वज्ञ काहीतरी विचारणार. पण त्या दिवशी त्याने तोंड मिटून ठेवलं. त्याचं मला अजून नवल वाटतं.

"ते... आधीच्या भाडेकरूंचं," दाजी म्हणाले.

"मग आपल्याला कशाला? आणि कपाट?"

"तेही त्यांचंच."

"कपाटातल्या साड्या?"

दाजी गालावरचा फेस पुसायला लागले. त्या बाईने पदर खोचला आणि कपाटाचं दुसरं टोक स्वतः धरलं. उंबऱ्यावर ते निसटलं, माझं बोट सापडलं, ती पट्टी तिची. हाणामारी म्हणशील तर एवढीच, माझी आणि कपाटाची.

सगळं चढवून झालं तेव्हा ती टेंपोपाशी आली. हळूच म्हणाली, "तुम्ही तिचे कोण?"

"भाऊ."

"ती आहे कुठे?"

"दाताच्या खुर्चीवर झोपते," मी म्हटलं.

तिने चष्मा काढला, पुसला, परत घातला. म्हणाली, "मग ही नवी गादीही तिलाच द्या. पैसे भरलेत त्यांनी." आणि आत जाऊन आपली पर्स घेऊन आली. कोपऱ्यापर्यंत आमच्या टेंपोमागून चालत होती, मग बस आली, त्यात चढली. जुनी गादी आम्ही आणलीच, योजनेत होती. म्हणजे त्या दिवशी दाजी कशावर झोपले, हा प्रश्न तत्त्वज्ञाला पुरेल.

दाजींनी दुकानात तक्रार केली. मालकांनी तिघांनाही काढलं. म्हणाले, "तुला झोपायला ठेवलं होतं, लोकांना जागं करायला नाही."

म्हणून पुन्हा बेकार. पण टेंपोवाला म्हणतो, त्या फेरीइतकी मजा त्याला कधी आली नव्हती. घरं बदलणाऱ्यांचं सामान न्यायचा धंदा करू म्हणतो. त्याची एकच अट, गाडीत चढायच्या आधी ओढायचं नाही. मीटर दोन दिवस विचार करून हो म्हणाला.

तुझा ठोंब्या

*

१७ एप्रिल

ठोंब्या,

पत्र दोनदा वाचलं. एकदा हसले. दुसऱ्यांदा काय झालं ते तुला सांगायचं कारण नाही.

तिच्याबद्दल काय वाटायला हवं ते मला ठरवता येत नाहीये. इतके दिवस तिला शिव्या घालायची सवय झाली होती, ती मोडावी लागणार. तुझ्यामुळे माझा तोही विरंगुळा गेला.

गादी छान आहे. पहिल्या दिवशी दवाखाना उघडायची वेळ होऊन गेली तरी मी उठले नव्हते. डॉक्टरीणबाई दारात येऊन बघून गेल्या आणि पेशंटला म्हणाल्या, आज जरा थांबा.

धंद्याचं बोलते. आमच्याकडे एक बाई येतात, बेकरीत केक सजवतात. नवरा वारल्यापासून सासरीच आहेत, आता निघायचंय. गवंड्याने त्यांना आईच्या मशीनची हकिगत सांगितली, तोंड बरं झाल्यापासून तो गप्प बसत नाही. तर त्यांनी मला विचारलं, "ती टेंपोची मुलं विश्वासू आहेत का?"

मी म्हटलं, "मुळीच नाहीत. पण सामान जपून आणतात, आणि कशाला निघालात म्हणून विचारत नाहीत. एकजण विचारेल, त्याच्याकडे लक्ष देऊ नका."

तुमचा पत्ता दिलाय. अब्रू घालवू नका. माझी, तुम्हाला कुठली!

ताई

*

४ मे

प्रिय ताई,

तुझ्या केकवाल्या बाईंचं काम झालं. आम्ही तिघंही कोरडे ठणठणीत होतो. मीटरचे हात थरथरत होते, पण कोटाच्या बाह्या लांब आहेत, दिसलं नाही.

सासरचे सगळे ओसरीवर ओळीने उभे होते. कोणी भांडलं नाही, कोणी मदत केली नाही. आम्ही तिचा ओव्हन काढला, केक फिरवायची ती गोल चकती काढली, खाट काढली. सासरे एका वेताच्या खुर्चीत बसले होते. मीटर म्हणाला, "ही पण तुमचीच ना?" ती म्हणाली, "माझीच आहे. पण राहू दे. त्यांना तिची सवय आहे." म्हातारा खाली बघत राहिला. खुर्चीचे हात त्याने घट्ट धरले होते.

मी काहीतरी विनोद करणार होतो. नाही केला.

ती पुढे टेंपोवाल्याशेजारी बसली, मांडीवर एक कुंडी घेऊन. आम्ही मागे सामानात. मधल्या खिडकीतून तत्त्वज्ञाने डोकं घातलं. मी त्याची कॉलर धरली, म्हटलं, आता हा विचारणार, जायचंच कशाला. पण त्याने साधंच विचारलं, "बाई, कुठे घेऊ?"

ती समोर बघत होती. ओसरीवरचे अजून उभेच होते.

"पत्ता सांगते," ती म्हणाली. "आधी इथून जरा पुढे तर चला."

टेंपोवाल्याने गाडी काढली.

तुझा भाऊ